सायन अ‍ॅबी : वास्तू लोपली, परंपरा टिकली

सायन अ‍ॅबी हा मध्ययुगीन इंग्लंडमधील सेंट ब्रिजेटच्या पंथाचा एकमेव मठ. जोगिणी व धर्मबंधू या दोहोंसाठी असलेला हा मठ पाचव्या हेन्रीने १४१५ मध्ये लंडनच्या पश्चिमेस टेम्सकाठी ट्विकेनहॅम येथे स्थापन केला. जेरुसलेममधील झायन टेकडीवरून त्याला हे नाव मिळाले. १४३१ मध्ये मठ जवळच्याच आयझलवर्थ येथे हलविण्यात आला.

स्वीडनच्या ब्रिजेटने चौदाव्या शतकात घालून दिलेल्या नियमांनुसार मठात ६० जोगिणी आणि २५ पुरुष असावेत, असा दंडक होता. पुरुषांमध्ये १३ धर्मगुरू, ४ डीकन व ८ सेवेकरी बंधू यांचा समावेश असे. दोहोंची निवासस्थाने स्वतंत्र, प्रार्थनामंदिर मात्र एकच. आध्यात्मिक बाबी मुख्य धर्मगुरूकडे असल्या, तरी संपूर्ण मठाची प्रमुख मठाधिकारिणीच असे. पुरुषप्रधान धर्मव्यवस्थेत ही रचना विलक्षणच म्हणावी लागेल.

मठाची ख्याती ग्रंथांमुळेही होती. धर्मबंधूंच्या ग्रंथालयात सुमारे १४०० ग्रंथ होते; त्यांची हस्तलिखित सूची केंब्रिजमध्ये जतन करण्यात आली आहे. लॅटिन न समजणाऱ्या जोगिणींसाठी त्यांच्या प्रार्थनांचे इंग्रजी भाषांतर व विवरणही सिद्ध करण्यात आले. ते १५३० मध्ये छापले गेले.

आठव्या हेन्रीने चर्चचे प्रमुखपद स्वतःकडे घेतले, तेव्हा ते मान्य न करणारे येथील धर्मगुरू रिचर्ड रेनॉल्ड्स यांना १५३५ मध्ये टायबर्न येथे देहान्त शासन झाले. १५३९ मध्ये मठ बरखास्त करण्यात आला. जोगिणी मात्र लहान लहान गटांनी एकत्र राहिल्या. मेरी राणीच्या काळात, १५५७ मध्ये मठ पुन्हा सुरू झाला. परंतु एलिझाबेथ गादीवर येताच त्यांना देशत्याग करावा लागला. फ्लँडर्स व फ्रान्समध्ये भटकंती करून १५९४ मध्ये त्या लिस्बनला पोहोचल्या. तेथे सतराव्या शतकाच्या अखेरीस धर्मबंधूंची शाखा संपुष्टात आली, जोगिणींची टिकली. १७५५ च्या भीषण भूकंपातूनही ती सावरली आणि १८६१ मध्ये इंग्लंडला परतली.

धर्मसुधारणेपूर्वीपासून अखंड चालत आलेला हा एकमेव इंग्लिश मठसमुदाय. वृद्ध जोगिणींची संख्या अगदी घटल्याने डेव्हन परगण्यातील त्यांचा मठ २०११ मध्ये बंद झाला. आयझलवर्थच्या मूळ जागी आज नॉर्थम्बरलंडच्या ड्यूकचे ‘सायन हाउस’ उभे आहे. तेथील हिरवळीखाली २००३ पासूनच्या उत्खननात भव्य प्रार्थनामंदिराचा पाया सापडला. दगडी वास्तू सव्वाशे वर्षेही टिकली नाही. बेघर झालेल्या स्त्रियांनी जपलेली परंपरा मात्र जवळजवळ सहाशे वर्षे चालली.