पडद्यावरची राजसदर

मी मालिकांचे सेट लावतो, एवढं आपल्या बॅचमध्ये बहुतेकांना माहीत आहे. व्यवसायाचं नाव कला दिग्दर्शक. नटमंडळी सोडून पडद्यावर जे जे दिसतं, भिंतीपासून पाण्याच्या तांब्यापर्यंत, ते आमच्या खात्याचं. स्मरणिकेसाठी इतिहासावर लिही असं संपादक मंडळाने सांगितलं, तेव्हा ठरवलं की आपल्याच खात्याचा इतिहास सांगावा.

2 ऑक्टोबर 1972 ला मुंबई दूरदर्शन सुरू झालं, तेव्हा स्टुडिओतलं नेपथ्य नाटकासारखंच असे. तीन भिंती, आणि चौथी बाजू कॅमेऱ्यांसाठी मोकळी. चित्र कृष्णधवल, त्यामुळे लाल पडदा आणि हिरवी भिंत पडद्यावर एकाच करड्या रंगाची होऊन बसे. 1982 साली रंग आले आणि हे सगळं नव्याने शिकावं लागलं. पण ऐतिहासिक मालिकांचं खरं वळण 1988 चं. श्याम बेनेगलांची 'भारत एक खोज' आठवते ना? 53 भाग, हडप्पापासून स्वातंत्र्यापर्यंत. कलेची बाजू नितीश रॉय यांच्याकडे होती. त्यांच्याच हाताखाली तयार झालेल्या नितीन देसाईंनी पुढे 1991 च्या 'चाणक्य'चं काम केलं.

आता चाणक्याचं पाटलीपुत्र उभं करायचं म्हणजे काय? मेगॅस्थेनिसच्या वर्णनात लाकडी तटबंदी, 64 दरवाजे आणि 570 बुरूज आहेत. त्या लाकडाचे अवशेष पाटण्याला उत्खननात सापडले, पण त्यावरून सज्जा कसा होता हे कळत नाही. मग सांचीच्या तोरणांवर कोरलेली नगरं पाहायची. किंवा त्याहून जवळ, कार्ल्याला जायचं. तिथल्या चैत्याच्या छताला लाकडी फासळ्या आहेत आणि त्यांचं वय सुमारे दोन हजार वर्षं सांगतात. खाली दगडाला गरज नसताना लाकडाचा आकार दिलेला आहे. दगड फोडणाऱ्यांच्या डोळ्यांपुढे सुतारकाम होतं, हे तिथे उभं राहिलं की पटतं.

रायगड त्याहून अवघड. तो आपला, आणि सगळ्यांना वाटतं की तो आपल्याला दिसलेला आहे. सहलीला गेलो तेव्हा नगारखान्यात कुजबुजलेलं सिंहासनाच्या जागी ऐकू येतं का, हे आपण सगळ्यांनी करून पाहिलं होतं. पण 1818 च्या तोफमाऱ्यात वरचे वाडे जळाले. उरली जोती, भिंती आणि लाकडी खांबांखालचे दगडी तळखडे. तळखड्यांवरून खांबांमधलं अंतर मोजता येतं. खांबाची उंची, त्यावरचं कोरीव काम, छताचा रंग यांना पुरावा नाही. सभासद बत्तीस मणांचं सोन्याचं सिंहासन सांगतो. 6 जून 1674 ला हजर असलेल्या हेन्री ऑक्झिंडेनने भाल्यांच्या टोकांवरची सोन्याची मत्स्यमुखं, घोड्यांच्या शेपट्या आणि तराजू टिपून ठेवले. त्याची नजर सिंहासनाकडे होती, भिंतींकडे नव्हती.

आपल्या इतिहासाच्या बाई फळ्यावर लिहीत, 'पुरावा काय?' इतिहासकार 'पुरावा उपलब्ध नाही' असं लिहून पुढच्या परिच्छेदाला जाऊ शकतो. मला ते जमत नाही. कॅमेरा कोपऱ्याकडे वळला की तिथे काहीतरी असावंच लागतं. आणि ते 'काहीतरी' नंतर मुलांच्या डोक्यात इतिहास म्हणून बसतं. माझा भाचा गडावर जाऊन म्हणाला, "मामा, टीव्हीतला जास्त खरा वाटतो." मला ते ऐकून बरं वाटलं नाही.

एका निर्मात्याने मराठा दरबारात काचेची झुंबरं मागितली होती. ती पेशवाईच्या उत्तरार्धातल्या वाड्यात शोभतील, इथे नाहीत, एवढंच मी म्हणालो. दोन दिवस तणातणी झाली. शेवटी समया आणि मशाली आल्या, प्रकाशयोजनावाले आठवडाभर माझ्याशी धड बोलले नाहीत. हल्लीच्या चकाकत्या दरबारांना मी फार दोष देत नाही. रोजचा भाग द्यायचा असतो, एकाच दालनाचे पडदे बदलून तीन राजवाडे करायचे असतात. पण प्लायवूडवर सोनेरी रंग मारणं हे सगळ्यात स्वस्त काम आहे, हे पाहणाऱ्यांना ठाऊक असावं.

मालिका संपली की सेट मोडतो. प्लाय पुढच्या कामाला जातं, प्लास्टर ऑफ पॅरिस कचऱ्यात. आराखडेही बहुधा त्याच वाटेने जातात. मी माझे वहीत ठेवत आलो आहे. ज्याला आधार आहे ते काळ्या पेन्सिलीने, जे मी कल्पनेने भरलं ते लाल. रायगडाच्या वहीत तळखडे काळे आहेत, त्यांच्यावरचं बहुतेक सगळं लाल. अशा अकरा वह्या आहेत. त्या शाळेच्या वाचनालयाला देतो आहे. मुख्याध्यापकांशी बोलणं झालं आहे, दिवाळीच्या सुट्टीनंतर त्या कुणालाही पाहता येतील.