वाटाड्याने सांगितलेले : कान्हेरी आणि जपानची मंदिरे

बोरिवली, मुलुंड, घाटकोपर या आपल्या उपनगरांतून जपानला जाऊन येणे ही आता नवलाईची गोष्ट राहिलेली नाही. प्रवास-कंपनीच्या झेंड्यामागून धावण्याचा ज्यांना कंटाळा आला आहे, त्यांच्यासाठी एक स्वतंत्र गाडी, एक चालक आणि एक इंग्रजी बोलणारा गाइड अशी सोय असते. क्योतो आणि नारा या दोन शहरांतली आठ-दहा प्राचीन मंदिरे अशी निवांत पाहता येतात. सोय उत्तम आहे. आम्हांला येथे विचार करायचा आहे तो त्या सोयीतल्या एकाच घटकाचा, म्हणजे गाइडचा. मंदिर आपण पाहतो की त्याने सांगितलेले मंदिर पाहतो?

एक साधे उदाहरण घेऊ. मुख्य मस्तकावर लहान मस्तकांचा मुकुट धारण केलेली मूर्ती जपानमध्ये ठिकठिकाणी दिसते. ही जूइचिमेन कान्नोन, म्हणजे एकादशमुख कान्नोन. साकुराईजवळच्या हासेदेरा मंदिरातली १५३८ सालची लाकडी मूर्ती तर दहा मीटरांहून उंच आहे. पाहुण्यांना तिची ओळख बहुधा ‘करुणेची देवी’ अशी करून दिली जाते. हे भाषांतर पाश्चात्त्य प्रवाशांसाठी रूढ झाले आणि तेच आपल्याही वाट्याला आले. ते सर्वस्वी चूक नाही. चीनमध्ये या देवतेला स्त्रीरूप मिळाले आणि त्याची छाया जपानवरही पडली. पण ‘देवी’ हा शब्द ऐकल्यावर बोरिवलीच्या प्रवाशाला जे आठवायला हवे ते आठवत नाही. कान्नोन म्हणजे अवलोकितेश्वर, आणि अकरा मुखांचा अवलोकितेश्वर पाहायचा तर बोरिवलीकराला विमानात बसण्याचे कारण नाही.

तो कान्हेरीच्या ४१ क्रमांकाच्या लेण्यात उभा आहे. राष्ट्रीय उद्यानाच्या बोरिवलीकडील प्रवेशद्वारापासून सहा-सात किलोमीटर आत गाडी जाते, पुढे पायऱ्या. चार हात, आणि मुख्य मस्तकावर लहान मस्तकांची उतरंड. सहाव्या शतकाच्या आसपासचे हे शिल्प भारतात टिकून राहिलेल्या एकादशमुख मूर्तींपैकी सर्वांत जुन्यांत गणले जाते. पश्चिम भारताच्या लेण्यांत त्याला जोड नाही. कठीण, काळ्या, सच्छिद्र दगडातले काम. त्यामुळे नाक-डोळ्यांची बारीक नजाकत नाही, आणि जे होते तेही पावसाने झिजवले आहे. तरीही मस्तकांची ती रचना ओळखायला क्षणही लागत नाही.

येथे आपल्याकडच्या उत्साही माणसाच्या तोंडी एक वाक्य हमखास येते : म्हणजे जपानने हे आपल्या कान्हेरीवरून घेतले! आमच्या मते हेही गाइडचेच वाक्य आहे, फक्त घरच्या गाइडचे. एकादशमुखाचे धारणीसूत्र यशोगुप्त नावाच्या पंडिताने सहाव्या शतकाच्या उत्तरार्धात चिनी भाषेत आणले. पुढे ६५६ मध्ये ह्युएन-त्संगाने त्याचे पुन्हा भाषांतर केले. ग्रंथ, चित्रपट, लहान मूर्ती आणि भिक्षू यांच्या हातांतून ही कल्पना मध्य आशिया, चीन, कोरिया असा प्रवास करीत गेली. कान्हेरीचा शिल्पी आणि नाऱ्याचा शिल्पी यांना जोडणारी सरळ रेषा कोणी दाखवलेली नाही. दोघे एकाच वृक्षाच्या दूरदूरच्या फांद्यांवर बसलेले आहेत, एवढेच म्हणता येते. आणि आमच्या दृष्टीने तेवढे पुष्कळ आहे.

या वृक्षाचे खोड म्हणजे सद्धर्मपुण्डरीक सूत्रातला समन्तमुखपरिवर्त. ज्याचे मुख सर्व दिशांना आहे, त्याचा अध्याय. आगीत, पुरात, समुद्रातल्या वादळात, चोरांच्या तावडीत, बेड्यांत सापडलेल्याने या बोधिसत्त्वाचे नाव घेतले की तो ऐकतो. कुमारजीवाने ४०६ मध्ये केलेल्या चिनी भाषांतरातून हा अध्याय जपानमध्ये आजही पठणात आहे. कान्हेरीत तोच विषय दगडात आहे. ९० क्रमांकाच्या लेण्यात मधोमध अवलोकितेश्वर, बाजूंना तारा आणि भृकुटी म्हणून ओळखल्या जाणाऱ्या सहचारिणी, आणि कडेने संकटांचे छोटे छोटे देखावे. हे संकटांचे कोष्टक साधूचे नाही, व्यापाऱ्याचे आहे. कान्हेरीचे शिलालेख वाचले की कल्याण, सोपारा, चेमुल अशा बंदरांची आणि पेठांची नावे भेटतात. पाणपोढी खोदवणारे, ओटे करवणारे, भिक्षूंच्या वस्त्रांसाठी ठेव ठेवणारे दाते त्यांत आहेत. गलबत फुटण्याची भीती त्यांना रूपक म्हणून ठाऊक नव्हती.

मग हे सारे विसरले गेले. सोळाव्या शतकात साष्टी पोर्तुगीजांच्या हाती आली, तेव्हा कान्हेरीत भिक्षू नव्हते. मोठ्या चैत्यगृहात सेंट मायकेलच्या नावाने उपासना होऊ लागली; बोरिवलीच्याच मंडपेश्वराच्या शैव लेण्यात फ्रान्सिस्कनांनी चर्च केले. कान्हेरीबद्दल त्या काळातला सर्वांत मार्मिक उल्लेख इतिहासकार दियोगू द कूतो याचा आहे. ही लेणी कोणी केली असे एका अतिवृद्ध हिंदू माणसाला विचारले असता, सेंट जोसाफटच्या बापाने मुलाला जगापासून दूर वाढवण्यासाठी ती करवली, असे उत्तर मिळाल्याचे तो सांगतो. जोसाफट हा ख्रिस्ती जगातला लोकप्रिय संत. हिंदुस्थानातला राजपुत्र, ज्याला बापाने दुःख दिसू नये म्हणून कोंडून ठेवले. ही कथा मुळात सिद्धार्थाची. बोधिसत्त्व या शब्दाचे बूदासफ, योदासफ आणि शेवटी जोसाफट होत ती युरोपात पोचली, आणि २७ नोव्हेंबर हा त्याचा स्मरणदिनही ठरला. कूतोला संशय आला होता : हा जोसाफट म्हणजेच इथले लोक ज्याच्या अद्भुत कथा सांगतात तो बुद्ध असावा, असे त्याने लिहून ठेवले आहे.

त्या म्हाताऱ्याचा विचार आम्ही पुष्कळदा करतो. पाद्र्यांच्या तोंडून ऐकलेली गोष्टच त्याने नव्या मालकांना परत दिली असावी. गिऱ्हाईकाला जे ओळखीचे, ते त्याच्यापुढे ठेवायचे, ही या धंद्याची जुनी रीत. पण खुशामतीत दिलेले उत्तर चुकून खरे निघाले. कान्हेरी खरोखर त्या राजपुत्राच्याच धर्माची होती.

याच पोर्तुगीज वाटेने साष्टी-वसईचा आणि जपानचा संबंध पुन्हा जुळला, आणि तोही दुभाष्यांच्या खांद्यावरून. पहिला दुभाष्या आंजिरो. हा जपानी माणूस गोव्याला आला, १५४८ मध्ये तेथे बाप्तिस्मा घेऊन पावलू झाला आणि १५४९ मध्ये फ्रान्सिस झेवियरसह कागोशिमाला उतरला. ‘देव’ या अर्थी त्याने दाइनिचि हा शब्द सुचवला. दाइनिचि म्हणजे महावैरोचन बुद्ध! झेवियर गावोगाव महावैरोचनाची भक्ती करा असे सांगत होता आणि शिंगोन पंथाचे भिक्षू ते आपलेच म्हणून आनंदाने ऐकत होते. १५५१ मध्ये घोटाळा ध्यानात आल्यावर ‘देउस’ हा लॅटिन शब्द सुरू झाला. तरी गैरसमज लगेच विरला नाही. १५५२ मध्ये यामागुचीच्या सरदाराने पाद्र्यांना जागा दिली, त्या सनदेत हे पश्चिमेकडून बुद्धधर्माच्या प्रसारासाठी आलेले भिक्षू आहेत असा आशय आहे. गोव्याहून आले म्हणजे तेन्जिकूहून, बुद्धाच्या देशातून आले, हा तर्क त्यांच्या दृष्टीने चुकीचा कसा म्हणावा?

दुसरा दुभाष्या आपला, वसईचा. गोन्सालो गार्सिया १५५७च्या सुमारास वसईत जन्मला. बाप पोर्तुगीज, आई कोकणातली. पोरवयातच तो जेझुइटांबरोबर जपानला गेला, भाषा शिकला, पुढे व्यापार केला आणि मनिलात फ्रान्सिस्कन ब्रदर झाला. १५९३ मध्ये फिलिपाइन्सच्या गव्हर्नरची वकिलात पेद्रो बाउतिस्ता याच्या नेतृत्वाखाली हिदेयोशीकडे गेली, तेव्हा बोलणे गोन्सालोच्या जिभेवर अवलंबून होते. त्याच वर्षांत क्योतोत हिदेयोशी होको-जी मंदिराचा महाबुद्ध उभारीत होता. १५९६च्या भूकंपात ती मूर्ती भंगली. भोवती राजसत्तेची प्रचंड मंदिरे आणि मधे वसईचा हा माणूस, स्पॅनिश वाक्याला जपानी शब्द शोधणारा. पुढचे सर्वांना माहीत आहे : अटक, क्योतोत कान कापून धिंड, नागासाकीपर्यंतची थंडीतली पायपीट, आणि ५ फेब्रुवारी १५९७ रोजी पंचवीस जणांबरोबर क्रूसावर मृत्यू. १८६२ मध्ये तो संत घोषित झाला. वसईत त्याची आठवण संत म्हणून आहे. दुभाष्या म्हणून त्याच्याकडे कोणी फारसे पाहत नाही, याची आम्हांला रुखरुख वाटते. कारण भाषांतर हे जिवावरचे काम असू शकते हे दाखवणारा त्याच्याइतका नेमका माणूस आपल्या किनाऱ्यावर दुसरा नाही.

योगायोग असा की, १५९१ मध्ये जपानमधल्या जेझुइट छापखान्याने संतांची जी चरित्रे जपानी भाषेत छापली, त्यांत बार्लाम आणि जोसाफट यांची कथा आहे. म्हणजे कान्हेरीच्या म्हाताऱ्याने ज्याचे नाव घेतले तो राजपुत्र बुद्धाच्या देशी दुसऱ्यांदा, वेषांतर करून पोचला. ख्रिस्ती धर्मावर बंदी आल्यानंतर उलटे वेषांतर झाले. लपून राहिलेल्या ख्रिस्ती कुटुंबांनी कान्नोनच्या पांढऱ्या चिनी मातीच्या मूर्ती मेरी म्हणून पूजल्या. अवलोकितेश्वराची मुखे अकराच, असे कोण म्हणेल?

आधुनिक काळात या वाटेवर भेटतो ओकाकुरा काकुझो. १८८४ मध्ये अमेरिकन प्राध्यापक अर्नेस्ट फेनोलोसा सरकारी अधिकारपत्र घेऊन होर्यु-जी मंदिरात गेला, तेव्हा दुभाष्या म्हणून विशीतला ओकाकुरा बरोबर होता. युमेदोनो या अष्टकोनी वास्तूतली कान्नोन-मूर्ती शतकानुशतके कोणी पाहिली नव्हती. ती उघडली तर भूकंप होईल, असे भिक्षूंचे म्हणणे. शेवटी दार उघडले, शेकडो हात लांब कापडाची गुंडाळी सोडवली, आणि सातव्या शतकातले सोनेरी लाकूड उजेडात आले. कलेच्या इतिहासात हा विजयाचा क्षण म्हणून सांगितला जातो. आम्हांला मात्र ओकाकुराची जागा अवघड वाटते. परक्याचा आग्रह स्वतःच्या भाषेत भिक्षूंना सांगायचा, आणि भिक्षूंची भीती परक्याला सांगायची. अठरा वर्षांनी, १९०२ मध्ये, हा माणूस भारतात हिंडला, त्याने अजिंठा पाहिला, आणि १९०३ मध्ये लंडनहून ‘द आयडियल्स ऑफ द ईस्ट’ प्रसिद्ध केले. आशिया एक आहे हे त्याचे प्रतिपादन पुढे जपानी साम्राज्यवादाने आपल्या सोयीने वापरले. दुभाष्याचे वाक्यही दुसऱ्याच्या हाती गेले की असे होते.

जपानमध्ये आजही अनेक मुख्य मूर्ती झाकलेल्या असतात. क्योतोच्या रोकुहारामित्सु-जीची एकादशमुख कान्नोन बारा वर्षांतून एकदा, ड्रॅगनवर्षी दिसते. शेवटचे दर्शन २०२४चे. कियोमिझु-देराची मुख्य कान्नोन ३३ वर्षांतून एकदा. २००० नंतर आता २०३३. सूत्रात तिची ३३ रूपे सांगितली आहेत, म्हणून हा आकडा. गाडी आणि गाइड कितीही खाजगी असोत, बंद दाराशी सगळे सारखेच.

कान्हेरीत दार नाही. सोमवार सोडला तर कोणीही जाऊन ४१ क्रमांकासमोर उभे राहावे. पण सर्वसाधारण पाहुणा तिसऱ्या क्रमांकाचे चैत्यगृह आणि तिथल्या सात मीटरांच्या आसपासच्या दोन बुद्धमूर्ती पाहतो, फोटो काढतो, माकडांपासून डबा वाचवतो आणि खाली उतरतो. नाल्याच्या वरच्या अंगाला आणखी शंभरावर लेणी आहेत हे त्याला कोणी सांगितलेले नसते.

९० क्रमांकाच्या लेण्यात संकटांच्या त्या देखाव्यांखेरीज आणखी एक गोष्ट आहे. भिंतीवर पहलवी लिपीत कोरलेले लेख. १००९ आणि १०२१ या वर्षी येथे आलेल्या पारशी मंडळींनी आपली नावे, बापांची नावे आणि तारखा कोरून ठेवल्या. समुद्र ओलांडून आलेल्यांचे ते वंशज किंवा सोबती. गलबत फुटलेले, चोर, आग, बेड्या हे सारे समोर दगडात होते. त्यांना ते कोणी समजावून सांगितले, आणि कोणत्या भाषेत, हे त्या लेखांत नाही.