‘लीलावती’तील व्याजाची उदाहरणे : दराचा अनुक्त काल

भास्कराचार्यांच्या ‘लीलावती’त (इ. स. ११५०) मिश्रव्यवहाराच्या प्रकरणात पुढील आशयाचे एक उदाहरण आहे. सहा उणे शंभर, म्हणजे ९४ निष्क, तीन भाग करून शेकडा पाच, तीन व चार ह्या दरांनी कर्जाऊ दिले. ते अनुक्रमे सात, दहा व पाच महिने राहिले आणि तिन्ही भागांवर सारखेच व्याज आले; तर ते भाग कोणते?

शंभर निष्कांवर ह्या अटींनी अनुक्रमे ३५, ३० व २० निष्क व्याज होते. प्रत्यक्ष व्याज समान असल्याने भाग ह्या संख्यांच्या व्यस्त प्रमाणात, म्हणजे १२ : १४ : २१ असे असले पाहिजेत. ह्यांची बेरीज ४७, आणि ९४ ही तिची दुप्पट. म्हणून भाग २४, २८ व ४२. प्रत्येकावरील व्याज आठ पूर्णांक दोन पंचमांश निष्क होते.

येथे एक गोष्ट लक्षात घेण्याजोगी आहे. दर कोणत्या कालाचा, हे उदाहरणात सांगितलेले नाही. आधुनिक वाचकाने तो सवयीने वार्षिक धरला, तरी भाग तेच येतात. केवळ व्याज बाराव्या हिश्शाने, म्हणजे सात दशांश निष्क, येते. सारांश, उत्तर जुळले म्हणून अर्थ जुळला असे ठरत नाही.

ह्याचा निर्णय त्याच प्रकरणातील दुसऱ्या उदाहरणाने होतो. तेथे ‘पंचक शत’ दराने वर्षाअखेर मुद्दल व व्याज मिळून १००० होतात, आणि उत्तर ६२५ व ३७५ असे आहे. दर मासिक असेल तरच हे संभवते. वार्षिक असता मुद्दल ९५२ हून अधिक आले असते.

‘पंचक’ ही संज्ञाही केवळ गणितज्ञांची नव्हे. ज्यात पाच वृद्धी म्हणून दिले जातात ते ‘पंचक’, ह्या अर्थाच्या प्रत्ययाचे विधान पाणिनीने केले आहे (५.१.४७). याज्ञवल्क्यस्मृतीत तारण असलेल्या कर्जावर दरमहा ऐंशीवा भाग, आणि तारण नसता वर्णक्रमाने शेकडा दोन, तीन, चार व पाच अशी वृद्धी सांगितली आहे. भास्कराचार्यांचे तिन्ही दर ह्याच मर्यादेत बसतात. एवढ्यावरून बाराव्या शतकातील बाजारात हेच दर चालत असा निष्कर्ष काढणे योग्य होणार नाही. परंतु गणित, व्याकरण व धर्मशास्त्र ह्यांत दर सांगण्याची परिभाषा एक होती, हे निश्चित. जे सर्वांस ठाऊक, ते श्लोकात अनुक्त राहिले. म्हणून अशा उदाहरणांच्या अनुवादात ‘दरमहा’ हा शब्द घालणे ही भर नव्हे. मूळ अर्थाची ती पूर्तताच होय.