आठवणींची चौकट

वाचकहो, आपलं लहानपणचं घर जरा डोळ्यांपुढे आणा बरं. काय दिसतं? सबंध घर काही दिसत नाही. चुलीचा धूर, आईचा हात, उंबऱ्यावरचं ऊन, असे तुकडे तेवढे दिसतात. अशा तुकड्यांचेच चित्रपट करणारा एक शेतकऱ्याचा मुलगा होऊन गेला. त्याचं नाव योनास मेकस.

बाल्टिक समुद्राकाठी लिथुआनिया नावाचा चिमुकला देश आहे. तिथल्या सेमेनिश्केई या खेड्यात मेकस १९२२ साली जन्मले. १९४० साली देशावर रशियाचा अंमल आला, १९४१ साली जर्मनांचा. १९४४ मध्ये योनास आणि त्यांचे धाकटे भाऊ आडोल्फास व्हिएन्नाला जायला निघाले. पण जर्मनांनी त्यांना वाटेतूनच हॅम्बुर्गजवळच्या एल्म्सहॉर्न इथल्या मजूर-छावणीत धाडलं. युद्ध संपल्यावर काही वर्षं निर्वासितांच्या छावण्यांत गेली. १९४९ साली दोघे न्यूयॉर्कला पोचले, आणि उसने पैसे काढून योनासनी एक बोलेक्स कॅमेरा घेतला.

हा कॅमेरा किल्लीचा. एकदा किल्ली दिली, की जेमतेम अर्धा मिनिट चित्रण व्हायचं. त्यांच्या रोजनिशीवजा चित्रपटांत ना रचलेली कथा, ना नट. निर्वासितांच्या सभा, रस्त्यावरचं बर्फ, मित्रमंडळी, मुलंबाळं, जे समोर येई ते क्षणभर टिपायचं आणि कित्येक वर्षांनी जोडायचं. रोजनिशीच म्हणा ना!

१९७१ साली, २७ वर्षांनी, ते आपल्या गावी गेले. आई हयात होती. अंगणात चूल पेटवून लेकांसाठी रांधणारी ती म्हातारी १९७२ सालच्या त्यांच्या चित्रपटात दिसते. ती पाहून कुणालाही आपलं गाव आठवेल.

पण इतिहासाला इथं थांबून चालत नाही. सेमेनिश्केईजवळ बिरझाई हे शहर आहे. १९४१ च्या ऑगस्टमध्ये तिथल्या सुमारे २,४०० ज्यू माणसांना, बायकामुलांसकट, गोळ्या घातल्या गेल्या. याच बिरझाईत मेकस शिकले आणि जर्मन अमलात तिथल्या वृत्तपत्रात त्यांनी काम केलं. २०१८ साली मायकेल कॅस्पर या इतिहासकारानं विचारलं, की मेकसांच्या आठवणींत हे शेजारी इतके पुसट का? मेकसांनी कुणाला मारलं, असं त्याचं म्हणणं नव्हतं. प्रश्न आठवणीचा होता. त्यावर बराच वाद झाला. २०१९ मध्ये मेकस वारले. वाद काही मिटला नाही.

म्हणून त्यांचे चित्रपट खोटे ठरतात का? मुळीच नाही. आईची चूल खरी, आणि त्या चौकटीबाहेर राहिलेली माणसंही खरी. आठवण ही साक्षीदार असते, न्यायाधीश नव्हे.

गुरुजी, मुलांना गावच्या म्हाताऱ्या माणसांकडून आठवणी जरूर लिहून आणायला सांगा. मात्र शेवटी एक प्रश्न विचारायला शिकवा: "आजी, तेव्हा गावात आणखी कोण कोण राहत होतं? ती माणसं कुठं गेली?"