अकरा जिल्ह्यांचा संघ

विदर्भ नावाचं राज्य नकाशावर नाही, पण विदर्भ नावाचा संघ १९५७-५८ पासून रणजी करंडकात खेळतो आहे. एकट्या महाराष्ट्रातून या स्पर्धेत तीन संघ उतरतात: मुंबई, महाराष्ट्र आणि विदर्भ. पहिले दोन पश्चिम विभागात. आपण मात्र मध्य विभागात, म्हणजे मध्य प्रदेश, उत्तर प्रदेश, राजस्थान आणि रेल्वे यांच्या पंगतीला. असं का, हा प्रश्न मी आमच्या कॉलनीतल्या पोरांना हटकून विचारतो. उत्तर क्रिकेटच्या पुस्तकात नाही, जुन्या चांदा जिल्ह्याच्या इतिहासात आहे.

चांदा तेव्हा मध्य प्रांतात होता आणि प्रांताची राजधानी नागपूर. रणजीच्या सुरुवातीच्या काळात इथला संघ ‘मध्य प्रांत आणि वऱ्हाड’ या नावानं खेळायचा. १ नोव्हेंबर १९५६ ला आठ मराठी जिल्हे मुंबई राज्यात आले, १ मे १९६० ला महाराष्ट्रात. कचेऱ्यांची तोंडं मुंबईकडे वळली. क्रिकेटनं मात्र जुनी सोयरीक मोडली नाही. पुढे चांद्याचं चंद्रपूर झालं, २६ ऑगस्ट १९८२ ला त्यातून गडचिरोली वेगळा निघाला, आठाचे अकरा जिल्हे झाले. संघ तोच राहिला. सिरोंच्यापासून बुलढाण्यापर्यंत सगळ्यांचा मिळून एक.

मी कोळसा खदानीत नोकरी केली, बराच काळ लॅम्प रूममध्ये. पाळीवर जाणाऱ्याला कॅप लॅम्प द्यायचा, वर आलेल्याचा परत घेऊन चार्जिंगला लावायचा. दोन पाळ्यांच्या मधे जो वेळ मिळे त्यात मी पेपरातले धावफलक कापून वहीत चिकटवत असे. रणजीचा हंगाम आणि आपल्याकडचा धानाचा हंगाम एकच. इकडे बांधीत कापणी सुरू, वडश्याच्या नाटक मंडळ्या गावोगाव निघालेल्या, आणि तिकडे विदर्भ कुठल्या तरी मैदानावर हरत असलेला. पहिल्या वह्यांमध्ये जिंकलेले सामने शोधावे लागतात. अनेक वर्षं आपला संघ प्लेट म्हणजे खालच्या गटात होता. मोठ्या संघांना विदर्भाशी गाठ पडली की पूर्ण गुण मिळाल्यासारखे वाटत, आणि त्यात त्यांची चूक नव्हती.

हेही पोरांना ठाऊक पाहिजे की भारताचा पहिला कसोटी कर्णधार नागपूरचा. सी. के. नायडू १८९५ मध्ये नागपुरात जन्मले. १९२६ मध्ये मुंबईत इंग्लंडहून आलेल्या एमसीसी संघाविरुद्ध त्यांनी १५३ धावा काढल्या, त्यात अकरा षटकार होते. १९३२ मध्ये लॉर्ड्सवर तेच कर्णधार होते. पण त्यांची रणजीतली मोठी कारकीर्द होळकर संघाकडून झाली. या मातीतला माणूस मोठा झाला तो इंदूरला जाऊन. पुढे विदर्भाच्या संघातून थेट कसोटी संघात जाणारा पहिला खेळाडू मिळायला २०११ उजाडलं.

तो खेळाडू खदानीतला निघाला, म्हणून त्याच्याबद्दल जरा सविस्तर लिहितो. उमेश यादवचे वडील तिलक यादव नागपूरजवळच्या वलनीच्या कोळसा खाणीत कामाला होते, मूळचे उत्तर प्रदेशातले. बल्लारपूर, माजरी, घुग्घुस या आपल्या गावांत अशी शेकडो घरं आहेत: बाप पाळीत, आई दोन खोल्यांच्या क्वार्टरात, पोरगा मैदानात. उमेशला पोलीस शिपाई व्हायचं होतं. भरतीत नंबर लागला नाही. वयाच्या एकोणीस-वीसपर्यंत तो टेनिस बॉलनंच खेळत होता. चामड्याचा चेंडू हातात आल्यावर तो किती वेगानं टाकतो हे विदर्भाचा कर्णधार प्रीतम गंधे याच्या लक्षात आलं आणि त्यानं उमेशला संघात घेण्याचा आग्रह धरला. नोव्हेंबर २००८ मध्ये मध्य प्रदेशाविरुद्ध तो पहिला रणजी सामना खेळला. त्याच हंगामात दुलीप करंडकात त्यानं द्रविड आणि लक्ष्मण यांना बाद केलं. तीन वर्षांनी, नोव्हेंबर २०११ मध्ये, दिल्लीत वेस्ट इंडीजविरुद्ध तो कसोटी खेळला.

गडचिरोली, आरमोरी, चामोर्शीच्या रस्त्यांवर पहाटे पोलीस भरतीसाठी धावणारी पोरं आपण रोज पाहतो. हा किस्सा मी त्यांना आवर्जून सांगतो. त्यांच्यात वेगवान गोलंदाज नसतील असं मला वाटत नाही. त्यांच्या हातात चामड्याचा चेंडू कुणी दिलेला नाही, एवढंच.

एक उमेश आला म्हणून संघ जिंकू लागला नाही. जामठ्याचं मैदान २००८ मध्ये झालं, पोरांना राहून शिकता येईल अशी अकादमी झाली, आणि बाहेरून अनुभवी माणसं आणली गेली. क्रिकेटच्या भाषेत अशा पाहुण्या खेळाडूला ‘प्रोफेशनल’ म्हणतात. तामिळनाडूचा बद्रीनाथ आला, कर्नाटकाचा गणेश सतीश आला, आणि २०१५-१६ पासून मुंबईचा वसीम जाफर. जाफरबद्दल माझ्या मनात फार आदर आहे. २०१६-१७ चा हंगाम तो दुखापतीमुळे खेळू शकला नाही, तरी संघटनेनं त्याचे पैसे दिले. त्याची जाणीव ठेवून पुढचा हंगाम तो मानधन न घेता खेळला. मुंबईकडून आठ आणि विदर्भाकडून दोन, असे त्यानं दहा रणजी अंतिम सामने खेळले आणि दहाही जिंकले.

तो पुढचा हंगाम म्हणजे २०१७-१८. चंद्रकांत पंडित प्रशिक्षक, फैज फजल कर्णधार. उपांत्य सामना कोलकात्याला ईडन गार्डन्सवर, समोर कर्नाटक. पहिल्या डावात आपण १८५, ते ३०१. तिथून सावरत आपण ३१३ केल्या आणि त्यांना १९८ चं लक्ष्य दिलं. चौथ्या दिवसअखेर त्यांचे सात गडी १११ वर बाद. २१ डिसेंबरच्या सकाळी खदानीच्या गेटसमोरच्या चहाटपरीवर रात्रपाळीहून सुटलेली माणसं घरी जायचं विसरून उभी होती. थंडी चांगलीच, अंगावर कोळशाची काळी पूड तशीच, चहाचे ग्लास हातात निवलेले. मोबाईल माझ्या हातात, कारण चष्मा माझ्याकडे. कर्नाटकाचे तळाचे फलंदाज चिवट. १६०, १७०, १८० झाले तसं बोलणं थांबलं. मागच्या एकाला पडदा दिसत नव्हता, तो सारखा ओरडे, “काकाजी, गेला का नाही थो? सांगा ना!” १९२ वर शेवटचा गडी गेला. पाच धावांनी जिंकलो. रजनीश गुरबानी या सिव्हिल इंजिनिअर पोरानं त्या डावात ६८ धावांत सात बळी घेतले होते. टपरीवाल्यानं त्या सकाळच्या चहाचे पैसे कुणाकडूनच घेतले नाहीत.

अंतिम सामना इंदूरच्या होळकर मैदानावर, दिल्लीशी. गुरबानीनं हॅट्ट्रिक घेतली, तिन्ही फलंदाज त्रिफळाचीत. रणजीच्या अंतिम सामन्यातली ती दुसरीच हॅट्ट्रिक. पहिली १९७२-७३ मध्ये तामिळनाडूच्या कल्याणसुंदरमची. अक्षय वाडकरनं १३३ काढल्या, आपला डाव ५४७ वर गेला, आणि १ जानेवारी २०१८ ला विदर्भ नऊ गडी राखून पहिल्यांदा रणजी विजेता झाला. त्या सामन्यात दिल्लीच्या ध्रुव शोरेनं आपल्याविरुद्ध १४५ केल्या होत्या. तोच शोरे पुढे विदर्भाकडून खेळू लागला.

पुढच्या वर्षी नागपुरात सौराष्ट्राला ७८ धावांनी हरवून करंडक राखला. आदित्य सरवटेनं अकरा बळी घेतले, दोन्ही डावांत पुजारा त्याचाच. लगोलग इराणी करंडकही जिंकला, आणि त्याच्या बक्षिसाची रक्कम फजलनं पुलवाम्यात शहीद झालेल्या जवानांच्या कुटुंबांना देऊन टाकली. सीआरपीएफचे तळ गावाशेजारी असलेल्या आपल्या भागात त्या बातमीचं मोल वेगळं सांगायला नको.

२०२४ मध्ये अंतिम सामन्यात मुंबईनं १६९ धावांनी हरवलं. २०२५ ला उपांत्य सामन्यात मुंबईला ८० धावांनी हरवून आपण ती परतफेड केली. मग केरळाशी अंतिम सामना. तीन बाद २४ वरून दानिश मालेवार आणि करुण नायर यांनी २१५ धावांची भागी केली. दानिशच्या १५३. पहिल्या डावात ३७ धावांची आघाडी, आणि तिच्या जोरावर तिसरा करंडक. हर्ष दुबेचे त्या हंगामात ६९ बळी, रणजीच्या एका हंगामातला विक्रम.

एवढं सगळं झालं, आणि तरी चंद्रपूर-गडचिरोली या आपल्या दोन जिल्ह्यांतली पोरं मुंबई-चेन्नईच्या आयपीएल संघांची नावं पाठ म्हणतात. फैज फजल कोण, हे विचारलं तर गप्प बसतात. दोष त्यांचा नाही, आपण सांगितलं नाही. शाळेच्या मास्तरांना, क्रीडा शिक्षकांना माझी विनंती आहे: या संघाची गोष्ट वर्गात सांगा. आणि ब्रह्मपुरी, वडसा, अहेरीला निदान एक-एक नीट खेळपट्टी व्हावी यासाठी लोकप्रतिनिधींच्या मागे लागा. समाजमंदिराइतकीच तीही गावाची गरज आहे. चंद्रपूरहून नागपूरला जाताना बुटीबोरी मागे पडली की जामठ्याचं मैदान रस्त्यालाच लागतं. येत्या हिवाळ्यात तिथं रणजीचा सामना असेल त्या दिवशी पोरांना घेऊन उतरा आणि पहिल्या सत्रापासून बसा.