सुताराचे घड्याळ

घड्याळ म्हटले की आपल्या डोळ्यांपुढे पितळ, पोलाद आणि काच येते. लाकूड आलेच तर ते बाहेरच्या पेटीपुरते. आत फिरणारी चक्रेसुद्धा लाकडाची असू शकतात आणि पिढ्यान्‌पिढ्या नेमाने फिरू शकतात, असे कोणी सांगितले तर पुष्कळांना ती थट्टा वाटेल. तथापि फुरसतीच्या वेळी करवत, पटाशी आणि कानस घेऊन बसणारे व दातेरी चक्रांपासून लंबकापर्यंत सारे घड्याळ लाकडातून उभे करणारे हौशी लोक आज देशोदेशी आहेत. या छंदामागचा इतिहास निव्वळ करमणुकीचा नाही. भर समुद्रात माणसाला आपला ठावठिकाणा घड्याळाच्या साहाय्याने कळू लागला, त्या शोधाचा उगम एका खेड्यातील सुताराच्या लाकडी घड्याळात आहे. त्या सुताराचे नाव जॉन हॅरिसन. लाकडाच्या दोषांनी त्याला काय शिकविले, हे आज आम्हांस सांगावयाचे आहे.

हॅरिसनचा जन्म १६९३ साली इंग्लंडमधील यॉर्कशायर परगण्यात झाला. पुढे त्याचे कुटुंब लिंकनशायरमधील बॅरो या गावी येऊन राहिले. बाप सुतार, मुलगाही तेच काम शिकला. घड्याळजीच्या हाताखाली त्याने उमेदवारी केल्याचे दिसत नाही. परंतु त्याच्या तरुणपणी एका धर्मोपदेशकाने त्याला एक हस्तलिखित वाचावयास दिले. केंब्रिजमधील गणिताचा प्राध्यापक निकोलस साँडरसन याच्या सृष्टिशास्त्रावरील व्याख्यानांची ती प्रत होती. साँडरसन हा देवीच्या आजाराने तान्हेपणीच आंधळा झालेला. अंध प्राध्यापकाची ती व्याख्याने या सुताराच्या पोराने स्वहस्ते उतरवून काढली, आकृत्या रेखल्या, आणि जन्मभर ती वही जपून ठेवली. व्याख्यान कोणाच्या कानी पडेल आणि कोठे रुजेल याचा नेम नसतो, याचे याहून बोलके उदाहरण क्वचितच सापडेल.

हॅरिसनने पहिले लंबकाचे घड्याळ १७१३ साली, वयाच्या विशीत पुरे केले. ते जवळजवळ संपूर्णपणे लाकडी होते. यात विक्षिप्तपणा काही नव्हता. पितळ महाग होते आणि लाकूड त्याच्या हातचे होते. पण लाकडाचा स्वभाव मोठा हट्टी. पावसाळ्यात आपली दारे चौकटीत फुगून बसतात, हा अनुभव आपणां सर्वांचा आहे. लाकूड ओल शोषून रुंदीत फुगते. तंतूंच्या लांबीच्या दिशेने मात्र ते फारसे हलत नाही. शिवाय तंतू जेथे आडवे जातात तेथे ते सहज तुटते. सबंध फळीतून एक चक्र कापले तर त्याचे काही दाते तंतूंच्या दिशेने येतात आणि काही आडवे. आडवे आलेले दाते थोड्याच दिवसांत मोडावयाचे. हॅरिसनने यावर उपाय शोधला. ओक लाकडाच्या चक्राच्या कडेला त्याने खाच पाडली आणि तीत दात्यांचे लहान लहान तुकडे असे बसविले, की प्रत्येक दात्यातील तंतू केंद्रापासून बाहेरच्या दिशेला जावेत. असा दाता मोडत नाही. ही युक्ती बैलगाडीच्या चाकाचे आरे बसविणाऱ्या सुताराला चटकन पटेल. धातूत काम करणाऱ्यावर तिचा विचार करण्याचा प्रसंगच येत नाही.

दुसरा प्रश्न तेलाचा होता. त्या काळची वंगणे प्राण्यांच्या चरबीची किंवा वनस्पतींची. थंडीत ती घट्ट होत, काही दिवसांनी चिकट होत, आणि चांगले चाललेले घड्याळ रेंगाळू लागे. लंडनचे नामांकित कारागीर अधिक चांगल्या तेलाच्या शोधात असत. हॅरिसनने प्रश्नच फिरविला : तेल लागावेच कशाला? १७२२ च्या सुमारास चार्ल्स पेल्हॅम यांच्या ब्रॉकल्सबी येथील वाड्यात, घोड्यांच्या पागेवर त्याने एक मोठे घड्याळ बसविले. त्यात घर्षणाच्या जागी त्याने लिग्नम व्हिटी या उष्ण प्रदेशातील लाकडाचे रूळ वापरले. हे लाकूड अत्यंत जड व कठीण असून त्याच्या अंगातच तेलकटपणा असतो. जेथे धातू अपरिहार्य होता तेथे गंजणारे लोखंड टाळून त्याने पितळ घेतले. हे घड्याळ शतकानुशतके वंगणाशिवाय चालत आले आहे.

यानंतर १७२५ ते १७२८ च्या दरम्यान त्याने आपला भाऊ जेम्स याच्यासह उंच पेटीची अचूक घड्याळे केली. चक्रे याही घड्याळांत ओकचीच होती. उष्णतेने लंबक लांबतो आणि घड्याळ मागे पडते. म्हणून त्याने पितळेच्या व पोलादाच्या कांबी आलटून पालटून जोडल्या. पोलाद लंबकाला जितके खाली ढकलते तितकेच पितळ त्याला वर उचलते, आणि लंबकाची लांबी कायम राहते. लंबकाला ठोका देणारी व चक्राला एकेक दाता पुढे सोडणारी जी योजना असते, ती त्याने घासण्याऐवजी नाकतोड्याच्या पायांप्रमाणे उचलली जाईल अशी केली. तिला नाकतोड्याचेच नाव मिळाले. आता अशा घड्याळाची परीक्षा कशाशी लावून करावी? हॅरिसनने आपल्या खिडकीची कड आणि शेजाऱ्याचे धुराडे यांचा नेम धरला. ठरावीक तारा त्या धुराड्याआड रोज ३ मिनिटे ५६ सेकंद लवकर लपतो. महिन्याला एका सेकंदाचाही फरक पडत नाही, असे त्याचे म्हणणे होते.

इकडे दर्यावर्दी राष्ट्रांना रेखांशाच्या प्रश्नाने ग्रासले होते. १७०७ साली इंग्लंडच्या आरमाराची चार जहाजे वाट चुकून सिली बेटांच्या खडकांवर आदळली आणि हजारांहून अधिक माणसे बुडाली. १७१४ साली पार्लमेंटने रेखांश अर्ध्या अंशापर्यंत अचूक सांगणाऱ्या पद्धतीस २०,००० पौंडांचे इनाम लावले. पृथ्वी ४ मिनिटांत एक अंश फिरते. तेव्हा निघालेल्या बंदराची वेळ जहाजावर बिनचूक राखता आली तर रेखांश साध्या वजाबाकीने मिळतो. पण डुलत्या जहाजावर लंबक काय कामाचा? हॅरिसनने १७३५ साली लंबकाशिवाय चालणारे पहिले सागरी घड्याळ पुरे केले. त्याचे वजन सुमारे ३४ किलो, आणि त्याची मोठी चक्रे अद्याप लाकडीच होती. पुढे आणखी दोन यंत्रांत त्याची वर्षानुवर्षे गेली. अखेर १७५९ साली तयार झाले ते चौथे, सुमारे १३ सेंटिमीटर व्यासाचे, धातूचे. त्यात लाकूड उरले नव्हते. घर्षणाशी मांडलेले वैर मात्र कायम होते. १७६१ च्या अखेरीस त्याचा मुलगा विल्यम ते घेऊन जमेकाकडे निघाला. ८१ दिवसांनी, ठरलेली दुरुस्ती धरून, ते अवघे ५ सेकंद मागे पडले होते.

इनाम मात्र सहजासहजी पदरात पडले नाही. परीक्षक मंडळात ज्योतिषी व गणिती होते. त्यांपैकी नेव्हिल मॅस्केलिन याचा भर चंद्राच्या स्थितीवरून रेखांश काढण्यावर होता. त्याला खलपुरुष ठरविणे न्यायाचे होणार नाही. चंद्राची पद्धत खरोखरच उपयोगी होती, आणि एका घड्याळाचे यश योगायोगाचे नाही हे सिद्ध व्हावे, ही अपेक्षा गैर नव्हती. परंतु एकामागून एक नव्या अटी येत गेल्या. १७६५ मध्ये निम्मी रक्कम मिळाली; उरलेल्या हिशेबी १७७३ साली राजाने लक्ष घातल्यावर पार्लमेंटने ८,७५० पौंड दिले. तेव्हा हॅरिसन ऐंशी वर्षांचा होता. २४ मार्च १७७६ रोजी तो वारला.

लाकडी चक्रे हॅरिसनबरोबर संपली नाहीत. जर्मनीच्या ब्लॅक फॉरेस्ट भागातील शेतकरी हिवाळ्यात ती कोरीत आणि फेरीवाले अशी घड्याळे पाठीवर बांधून गावोगाव विकीत. अमेरिकेत कनेटिकटच्या एली टेरीने १८०६ मध्ये लाकडी घड्याळांचे ४,००० संच करून देण्याचा करार केला, आणि पाणचक्कीवर चालणाऱ्या यंत्रांनी एकसारखे भाग कापून तो पुरा केला. पुढे पितळेचे पत्रे स्वस्त झाले आणि १८४० च्या सुमारास तेथील लाकडी चक्रांचा धंदा बसला. धंदा बुडाला, तेथे पुढे छंद उभा राहिला.

या छंदाचे गणित शाळकरी मुलालाही समजेल. सुमारे ९९ सेंटिमीटर लांबीचा लंबक एका सेकंदात एक झोका पुरा करतो. शेवटच्या चक्राला ३० दाते ठेवले की ते मिनिटात एकदा फिरते. मिनिटकाट्याला याच्या साठपट सावकाश फिरवावयाचे. म्हणून ६४ दात्यांचे चक्र ८ दात्यांच्या चकतीशी आणि ६० दात्यांचे दुसऱ्या ८ दात्यांच्या चकतीशी जोडले, की आठ गुणिले साडेसात म्हणजे साठ होतात. हिशेब कागदावर पाच मिनिटांत सुटतो; पण लाकडावर तो उतरविण्यास महिने लागतात. बरेच हौशी लोक प्लायवूड घेतात, कारण त्यातील थर एकमेकांना आडवे असल्यामुळे ते कमी फुगते. हॅरिसनने खाचा पाडून जे साधले तेच थर चिकटवून साधण्याची ही रीत होय. कोठे एखादा दाता अडतो आणि घड्याळ थांबते. मग तो दाता शोधून कानशीने घासावयाचा, आणि पुन्हा वजन लटकवावयाचे. असे घड्याळ बाजारातील स्वस्त घड्याळाइतकी बिनचूक वेळ दाखवीत नाही. परंतु वेळ मोजली जाते कशी, हे ते करणाऱ्याच्या बोटांना कळते.

मृत्यूच्या आदल्या वर्षी, १७७५ मध्ये, हॅरिसनने एक पुस्तक छापले. लंबकाचे घड्याळ १०० दिवसांत एका सेकंदाच्या आत राखता येईल, असे त्यात म्हटले होते. भाषा अवघड, लेखक म्हातारा. टीकाकारांनी त्याची टर उडविली. त्याच तत्त्वांवर आधुनिक धातूंनी बनविलेल्या एका घड्याळाची ग्रिनिच येथे १०० दिवस परीक्षा झाली आणि २०१५ साली तिचा निकाल जाहीर झाला. फरक निघाला पाऊण सेकंदाहूनही कमी. जाणत्यांना ते मान्य करावयास २४० वर्षे लागली.

आमच्या समाजात हाताचे ज्ञान आणि पोथीचे ज्ञान यांची घरे फार काळ वेगळी राहिली. एकाने लाकूड तासावे आणि दुसऱ्याने सिद्धांत सांगावा, अशी वाटणी आपण करून टाकली. हॅरिसनच्या एका हातात पटाशी होती आणि दुसऱ्यात साँडरसनच्या व्याख्यानांची वही. म्हणून सुट्टीच्या दिवशी मुलगा फळीचा तुकडा घेऊन बसला, तर त्याला अभ्यासाला बस म्हणून उठविण्यापूर्वी तो काय करीत आहे, हे आपण एकवार विचारून पाहावे.