गुरूच्या आकाशातील तरंगते जीव
गुरू ग्रहाला घन पृष्ठभाग नाही. तेथील जीवाला आयुष्यभर तरंगावेच लागेल. बुडणे म्हणजे खोलवरच्या उष्णतेत होरपळणे. हीच अट धरून १९७६ मध्ये कॉर्नेल विद्यापीठातील कार्ल सेगन व एडविन सालपीटर यांनी एक जीवसृष्टी कल्पिली. तीत बुडण्यापूर्वी प्रजनन उरकणारे सूक्ष्म जीव, महाकाय फुग्यांसारखे तरंगते जीव आणि त्यांचे शिकारी होते. तरंगते जीव हेलियमसारखे जड वायू बाहेर टाकून हलका हायड्रोजन राखतात. त्यांचा आकार काही किलोमीटरही असू शकेल, असे गणित मांडले गेले. १९८० च्या ‘कॉसमॉस’ मालिकेत ते चित्ररूपाने दिसले. १९९५ मध्ये गॅलिलिओ मोहिमेची कुपी त्याच वातावरणात उतरली आणि सुमारे तासाभरात निकामी झाली. असा जीव अद्याप आढळलेला नाही.